घर खांद्यावर, लेखणी हातात
जपानच्या नोटेवर छापली गेलेली गरीब मुलगी : हिगुची इचियो

जपान म्हटले की आपल्या समाजातील माणसाला आपुलकी वाटते. नागपूरच्या दीक्षाभूमीशी ज्यांचे नाव कायमचे जोडले गेले ते भदंत सुरई ससाई मूळचे जपानचे. कामठीचे ड्रॅगन पॅलेस बुद्धविहार उभे राहिले तेही एका जपानी उपासिकेच्या दानातून. त्यामुळे जपान म्हणजे बुद्धाला मानणारा, कष्टाळू आणि शिस्तीचा देश, एवढे आपल्या घरातील लहान मुलालाही ठाऊक असते. पण त्या देशातील बाई कशी जगली, तिच्या वाट्याला काय आले, याची माहिती आपल्याकडे फारशी कोणी सांगत नाही. म्हणून या वेळी कुटुंबाच्या पानावर आम्ही एका जपानी मुलीची हकिकत देत आहोत. ती जेमतेम चोवीस वर्षे जगली. त्यातली सात वर्षे तिने आई आणि धाकट्या बहिणीचे पोट भरण्यात घालवली, आणि त्याच सात वर्षांत जपानी भाषेतील मोठी लेखिका झाली. २००४ सालापासून २०२४ सालापर्यंत जपानच्या पाच हजार येनच्या नोटेवर तिचा चेहरा होता. जिला हयातीत दोन-दोन येनसाठी उंबरे झिजवावे लागले तिचा चेहरा नोटेवर यावा, हा काळाचा न्याय म्हणायचा की थट्टा, हे वाचकांनीच ठरवावे.

विकत घेतलेली जात

तिचे खरे नाव नात्सु. जन्म २ मे १८७२ रोजी तोकियोत झाला. आईबाप मूळचे काई प्रांतातले शेतकरी. घरच्यांचा विरोध होता म्हणून १८५७ साली दोघे गाव सोडून पळून आले आणि शहरात चाकरी करू लागले. आई ताकी हिने एका सरदाराच्या घरी दाई म्हणून काम धरले. परक्याच्या लेकराला दूध पाजण्यासाठी तिला स्वतःची पहिली मुलगी दुसऱ्याच्या हवाली करावी लागली.

त्या काळी जपानी समाज जन्माच्या पायऱ्यांनी बांधलेला होता. वर सामुराई, म्हणजे तलवार बाळगणारा वर्ग. त्याखाली शेतकरी, कारागीर आणि व्यापारी. या सगळ्यांच्या बाहेर, कातडे कमावणाऱ्या आणि मेलेली जनावरे ओढणाऱ्या लोकांची वेगळी वस्ती असे. त्यांचा विटाळ मानला जाई. होय, बुद्धाला मानणाऱ्या देशातही अस्पृश्य होते! १८७१ सालच्या सरकारी हुकमाने ही अवस्था कागदावर संपली. पण प्रत्यक्षात ती संपली नाही म्हणूनच १९२२ साली त्या लोकांनी क्योतो शहरात 'सुईहेशा' ही स्वतःची संघटना उभी केली.

नात्सुच्या बापाने आयुष्यभराची पुंजी जमवून १८६७ साली खालच्या दर्जाच्या सामुराईची जागा विकत घेतली. दुसऱ्याच वर्षी जुनी राजवट कोसळली आणि थोड्याच काळात सामुराईपणाला किंमत उरली नाही. पैसा गेला, हाती नुसता मान राहिला. पण आईच्या मनातून तो मान कधी गेला नाही. आपण बड्या वर्गातले, आपल्याला अमुक शोभत नाही, हे ती दारिद्र्यातही मुलींना ऐकवीत राहिली. जन्माच्या मोठेपणाचे वेड माणसाला किती महाग पडते याचा हा एक नमुना.

पहिला नंबर, पण शाळा बंद

नात्सुला लहानपणापासून वाचनाची विलक्षण ओढ होती. शाळेत ती पहिल्या नंबरावर होती. बापाची तिला पुढे शिकविण्याची इच्छा होती. पण मुलीच्या जातीला जास्त शिक्षण पुढे बाधते, तिने शिवण आणि घरकाम शिकावे, असे आईने ठरवले. १८८३ साली, वयाच्या अकराव्या वर्षी, तिची शाळा सुटली. त्या दिवसाचे दुःख तिने पुढे आपल्या रोजनिशीत लिहून ठेवले आहे.

आईला दोष देणे सोपे आहे. पण ही आई स्वतः दाईपण करून जगलेली बाई होती. जे तिला मिळाले नाही ते मुलीला द्यावे, हे तिला सुचले नाही. मुलीला सुरक्षित ठेवायचे तर तिला गप्प बसवले पाहिजे, एवढेच तिला जगाने शिकविले होते. अशा आया आपल्याही वस्तीत होत्या आणि आजही आहेत. त्यांचे प्रेम खोटे नसते. पण त्या प्रेमाची किंमत मुलीला आयुष्यभर मोजावी लागते.

बापाने एक वाट काढली. १८८६ साली त्याने मुलीला नाकाजिमा उताको या बाईंच्या काव्यवर्गात घातले. तिथे बड्या घरच्या, सरदार-उमरावांच्या मुली येत. पुढच्या वर्षी नववर्षाच्या काव्यसंमेलनात सगळ्या मुली भारी रेशमी किमोनो घालून आल्या. नात्सुच्या अंगावर जुना, दुसऱ्याचा वापरलेला किमोनो होता. मान खाली घालून बसलेल्या या मुलीच्या कवितेला त्या दिवशी सर्वांत जास्त गुण मिळाले. फाटक्या दप्तराने वर्गात बसून पहिला नंबर काढणाऱ्या आपल्या मुलामुलींना हा प्रसंग वेगळा समजावून सांगण्याची गरज नाही.

सतराव्या वर्षी घराची कारभारीण

मग घरावर एकामागून एक आघात झाले. थोरला भाऊ १८८७ साली क्षयाने गेला. मधला भाऊ आधीच घरातून वेगळा झालेला, तो मातीच्या भांड्यांचे काम करी. बापाने धंद्यात पैसा घातला, तो बुडाला, आणि १८८९ साली बापही वारला. मागे राहिल्या तीन बायका : आई, नात्सु आणि धाकटी बहीण कुनिको. कुटुंबप्रमुख म्हणून घराचा सगळा भार आला तो नात्सुवर. वय वर्षे सतरा.

जपानी कुटुंबपद्धतीत कुटुंबप्रमुख ही मोठी जबाबदारी असे. घराचे नाव चालविणे, कर्ज फेडणे आणि वडीलधाऱ्यांना सांभाळणे हे त्याच्याकडे असे. हे पद मुलीकडे आले तर ती लग्न करून दुसऱ्याच्या घरी सहज जाऊ शकत नसे. नवऱ्यालाच तिच्या घरात दत्तक म्हणून यावे लागे. ज्याच्याशी तिचे लग्न बापाने ठरवून ठेवले होते त्या तरुणाने घराची हालत पाहून लग्न मोडले. पुढे तो न्यायखात्यात अधिकारी झाला तेव्हा पुन्हा तशी बोलणी निघाली. त्या घरी सुखाची भाकरी मिळाली असती. पण वाईट दिवसांत ज्याने पाठ फिरवली त्याच्या घरी जाणे तिने पत्करले नाही.

तिघी शिवणकाम करीत, लोकांचे कपडे धूत. नात्सुची नजर अधू होती, त्यामुळे बारीक टाके घालणे तिला जमेना; शिवणाचा भार कुनिकोवर पडला. शाळा अर्धवट सुटलेली, म्हणून शिक्षिकेची नोकरी मिळण्यासारखी नव्हती. आईने जी शाळा बंद केली तीच शाळा आता घराला भाकरी देऊ शकली असती. मुलीचे शिक्षण तोडताना आईबाप हा हिशेब विसरतात.

काव्यवर्गातल्या एका मैत्रिणीची कादंबरी छापून आली होती आणि तिला तेहतीस येन मिळाले होते. तीन माणसांच्या घराला ही मोठीच रक्कम. नात्सुने ठरवले, आपणही लिहायचे. तिचे लिहिणे सुरू झाले ते घर चालविण्यासाठी.

तिने 'इचियो' हे टोपणनाव घेतले. इचियो म्हणजे एक पान. भारतातून चीनमध्ये धम्म घेऊन गेलेले भिक्खू बोधिधर्म एका पानावर उभे राहून नदी ओलांडून गेले, अशी दंतकथा जपानमध्ये सर्वांना माहीत आहे. ध्यानाला बसून बसून त्यांचे पाय झडले, असेही सांगतात. जपानी बोलीत पाय आणि पैसा या दोहोंना एकच शब्द आहे. त्यावरून ती मैत्रिणींना थट्टेने म्हणे की बोधिधर्मांना पाय नाहीत आणि माझ्याजवळ पैसे नाहीत, म्हणून हे नाव मला शोभते. पोटात भूक असताना अशी थट्टा करणाऱ्या मुलीचा पीळ काय असेल, याची कल्पना करावी.

मन एकीकडे, घर दुसरीकडे

१८९१ साली ती नाकाराई तोसुई या वर्तमानपत्रात कथा लिहिणाऱ्या लेखकाकडे लेखनाचे धडे घेण्यासाठी जाऊ लागली. तो तिच्याहून सुमारे बारा वर्षांनी मोठा, बायको वारलेली. १८९२ साली तिची पहिली कथा त्याच्याच मासिकात छापून आली. तिचे मन त्याच्यात गुंतले हे तिच्या रोजनिशीवरून स्पष्ट दिसते. पण काव्यवर्गात कुजबूज सुरू झाली. एकट्या पुरुषाच्या घरी तरुण मुलगी जाते, एवढे लोकांना पुरेसे होते. बाईंनी समजावले, आणि तिने त्याच वर्षी ते जाणे-येणे तोडले. तो त्याच्या घराचा प्रमुख, ती तिच्या घराची. तिने घर सोडले तर आई आणि बहीण उघड्यावर, आणि बदनामी झाली तर काव्यवर्गाचा आधारही तुटणार. तिने घर निवडले. मनातले रोजनिशीत लिहिले आणि कामाला लागली.

पण लेखनातून पोट भरेना. १८९३ साली तिने निर्णय घेतला की पैशासाठी वाटेल ते लिहिण्यापेक्षा दुकान टाकावे. तिघी बायका तोकियोच्या र्‍यूसेनजी वस्तीत राहायला गेल्या आणि तिथे एक छोटे दुकान उघडले. खाऊ, खेळणी, काड्यापेट्या, साबण असा किरकोळ माल. माल आणायला ती स्वतः जाई. सामुराईपणाचा मान मिरवणाऱ्या आईला हे किती लागले असेल! पण नात्सुला हाताच्या कामाची लाज वाटली नाही.

ही वस्ती योशिवाराच्या शेजारी होती. योशिवारा म्हणजे सरकारी परवान्याचा वेश्याबाजार. कर्जबाजारी आईबाप मुलींना तिथे विकत, आणि मुलगी विकली गेली की समाज म्हणे, किती गुणाची पोर, आईबापांसाठी स्वतःला वाहून घेतले! दुकानात खाऊ घ्यायला येणारी मुले पाहता पाहता नात्सुच्या हे सारे ध्यानी आले. कर्तव्य हा शब्द मुलीच्या गळ्यात कसा अडकवतात, हे ती रोज पाहत होती. आपल्याकडे मुरळी आणि देवदासी सोडण्याची चाल याच जातीची. १९३६ साली मुंबईत परळच्या दामोदर हॉलमध्ये बाबासाहेबांनी या भगिनींना हे जिणे सोडून द्या म्हणून खडसावून सांगितले होते, ते आपल्याला आठवत असेल.

दुकानही चालले नाही. १८९४ च्या मे महिन्यात ते बंद झाले. कर्ज वाढले. हाँगो भागातील इसेया या सावकारी दुकानात किमोनो गहाण पडत आणि सुटत. एका पैसेवाल्या ज्योतिषाकडे ती मदत मागायला गेली तेव्हा त्याने, माझी रखेली होऊन राहा, पैसे देतो, असा निरोप दिला. घरात तीन पोटे उपाशी होती. तरी तिने त्याला ठाम नकार दिला. घरासाठी ती धुणी धुवायला तयार होती, दुकानात बसायला तयार होती, पण स्वतःला विकायला तयार नव्हती. घराचे कर्तव्य कुठवर आणि माणसाची प्रतिष्ठा कुठून सुरू, ही रेघ तिने स्वतः ओढली. या मुलीपासून घेण्यासारखी गोष्ट कोणती, असे कुणी विचारले तर आम्ही हीच सांगू.

चौदा महिन्यांचे काम

त्यानंतरच्या अवघ्या चौदा महिन्यांत, १८९४ च्या डिसेंबरपासून १८९६ च्या सुरुवातीपर्यंत, तिने ज्या कथा लिहिल्या त्यांच्यावर तिची कीर्ती उभी आहे. त्यातील तिघींची ओळख करून देतो.

पहिली 'ओत्सुगोमोरी', म्हणजे वर्षाचा शेवटचा दिवस. ओमिने ही पोरकी मुलगी श्रीमंताच्या घरी मोलकरीण आहे. तिला वाढविणारा मामा आजारी, आठ वर्षांचे पोर शिंपले विकून घर चालवते आणि सावकाराला देण्यासाठी दोन येन हवे आहेत. मालकीण आधी कबूल होते, मग शब्द फिरवते. ओमिने आयुष्यात पहिल्यांदा चोरी करते, कपाटातल्या पैशांतून दोनच नोटा. त्याच दिवशी मालकाचा उनाड मुलगा उरलेले सगळे पैसे उचलून नेतो आणि तशी चिठ्ठी ठेवून जातो, म्हणून ती वाचते. दोन येन नसलेली मुलगी चोर ठरते आणि शेकड्याने उधळणारा मुलगा धनी राहतो, हे लेखिकेने एकही शिवी न देता दाखविले आहे.

दुसरी 'ताकेकुराबे'. योशिवाराच्या कडेला वाढणाऱ्या मुलांची ही कथा. मिदोरी ही हसरी, खेळकर मुलगी. तिची थोरली बहीण त्या बाजारातली नावाजलेली वेश्या आणि हिचेही पुढे तेच ठरलेले. विहाराच्या पुजाऱ्याचा मुलगा नोबु तिला आवडतो, पण दोघांच्या वाटा मोठ्या माणसांनी आखून ठेवल्या आहेत. नोबुचा बाप चीवर घालतो, पण त्याचे लक्ष तळलेल्या-भाजलेल्या माशात आणि पैशात. धर्माचा पोशाख घातला म्हणून धम्म अंगी येत नाही, हे जपानच्या या लेखिकेने शंभरावर वर्षांपूर्वी निर्भयपणे लिहिले.

तिसरी 'जूसान्या', म्हणजे तेरावी रात्र. ही कथा आपल्या प्रत्येक घरात वाचली जावी असे आम्हास वाटते. ओसेकी ही गरिबाची मुलगी बड्या अधिकाऱ्याला दिली आहे. नवरा तिला अडाणी म्हणून नोकरांदेखत उठता बसता हिणवतो. एका रात्री झोपलेल्या मुलाला मागे ठेवून ती माहेरी येते आणि सोडचिठ्ठी घेऊन द्या म्हणून बापाच्या पाया पडते. आई चिडते, मुलीची बाजू घेते. पण बाप विचार करतो : जावयाच्या वशिल्याने धाकट्या मुलाला नोकरी लागली आहे, सोडचिठ्ठी घेतली तर नातू मुलीला मिळणार नाही, आणि गरिबीत परत येऊन ती काय करणार? रडायचेच असेल तर त्या घरची बायको म्हणून रड, असे समजावून तो तिला परत पाठवतो. परतीच्या वाटेवर तिची रिक्षा ओढणारा निघतो तो तिच्या बालपणीचा सोबती. तिचे लग्न झाल्यावर तो धुळीला मिळाला आहे. ती त्याला थोडे पैसे देते आणि दोघे आपापल्या वाटेने जातात. कथा इथेच संपते.

या कथेतला बाप दुष्ट नाही. तोही रडतो. पण घराचा हिशेब मांडताना सगळे खर्च मुलीच्या नावावर टाकतो. आपल्याकडे मुलगी मार खाऊन माहेरी येते तेव्हा 'पोरी, दिल्या घरी सुखी राहा' म्हणून तिला गाडीत बसवून देणारा बापही असाच असतो.

जग दखल घेऊ लागले तेव्हा

१८९६ च्या वसंतात मोरी ओगाई या त्या काळच्या मातब्बर साहित्यिकाने 'ताकेकुराबे'ची तोंडभरून स्तुती केली. तरुण लेखक तिच्या घरी येऊ लागले. पण तोवर क्षयाने तिला गाठले होते. २३ नोव्हेंबर १८९६ रोजी ती गेली. पुढे आईही गेली. धाकट्या कुनिकोने ताईच्या रोजनिशा जिवापाड जपल्या आणि १९१२ साली त्या छापून निघाल्या. कुनिको नसती तर आज आपल्याला यातले बरेच कळले नसते. जिथे तिचे दुकान होते त्या वस्तीत १९६१ साली तिचे स्मारक-संग्रहालय उभे राहिले.

तिच्या मृत्यूनंतर दोनच वर्षांनी, १८९८ साली, जपानमध्ये नवा नागरी कायदा आला. त्याने कुटुंबप्रमुखाची सत्ता पक्की केली. पंचवीस वर्षांच्या आतल्या मुलीला आईबापांच्या संमतीवाचून लग्न करता येईना आणि लग्न झालेल्या बाईला नवऱ्याच्या परवानगीवाचून महत्त्वाचे व्यवहार करता येईनात. ही बेडी तुटली ती दुसऱ्या महायुद्धानंतर. १९४६ सालच्या एप्रिलमध्ये जपानी बायकांनी पहिल्यांदा मतदान केले आणि ३९ स्त्रिया निवडून आल्या. ३ मे १९४७ पासून लागू झालेल्या राज्यघटनेच्या चोविसाव्या कलमाने लग्न फक्त दोघांच्या संमतीने होईल आणि नवरा-बायकोचे हक्क समान असतील, असे ठरविले. या कलमाच्या मसुद्यावर काम करणारी बेआते सिरोता ही अवघ्या बावीस वर्षांची मुलगी होती. त्याच सुमारास इकडे बाबासाहेब हिंदू कोड बिलासाठी झगडत होते आणि ते बिल रखडवले गेले म्हणून १९५१ साली त्यांनी मंत्रिपद सोडले, हे आपण जाणतोच.

म्हणून जपानी बाई आज पूर्ण मोकळी झाली असे मात्र नाही. लग्नानंतर नवरा-बायकोने एकच आडनाव लावले पाहिजे हा तिथला कायदा अजून कायम आहे आणि आडनाव बदलते ती बहुतेक वेळा बायकोच. २०१५ आणि २०२१ साली तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने हा नियम घटनेविरुद्ध नाही असाच निकाल दिला. कायदा बदलला तरी घर बदलायला वेळ लागतो.

आपल्या घरातील नात्सु

वाचक बंधू-भगिनींनो, ही जपानची गोष्ट आम्ही एवढ्या विस्ताराने का सांगितली? कारण आपल्या वस्त्यांमध्ये अशा कितीतरी नात्सु आहेत. बाप गेला किंवा गिरणी बंद पडली म्हणून थोरल्या मुलीने शिक्षण सोडले, नोकरी धरली आणि भावंडांना मार्गी लावले. कोणी दवाखान्यात नर्स आहे, कोणी अंगणवाडीत, कोणी दुकानात तासन्‌तास उभी राहते. तिच्या पगारावर घर चालते, पण घराचा निर्णय भाऊ घेतो. तिच्या लग्नाचा विषय काढायला कोणाला सवड होत नाही, कारण तिचे लग्न झाले तर पगार जाईल. आणि ती स्वतःसाठी काही मागू लागली की लगेच तिला मतलबी ठरवतात.

भगवंतांनी सिगालाला केलेल्या उपदेशात मुलांनी आईबापांना सांभाळावे असे सांगितले आहे. पण उपदेश तिथेच थांबत नाही. आईबापांनी मुलांना हुन्नर शिकवावा, योग्य जोडीदाराशी त्यांचे लग्न करावे आणि योग्य वेळी वारसा त्यांच्या हाती द्यावा, हेही तिथेच सांगितले आहे. नवऱ्याने बायकोचा मान राखावा आणि घराचा कारभार तिच्या हाती सोपवावा, असेही आहे. बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात गृहस्थांच्या विनयाला जागा दिली ती यासाठीच. धम्मात कर्तव्य दोन्ही बाजूंनी आहे. एकाच बाजूने घेतले जाते ती वेठबिगारी, मग ती आपल्याच घरातली का असेना.

तेव्हा ज्या घराचा भार मुलीने उचलला आहे त्या घराने तीन गोष्टी कराव्यात असे आम्ही सुचवतो. तिच्या कमाईतला काही भाग तिच्याच नावाच्या बँक खात्यात राहू द्यावा. घर, जागा, कर्ज याबाबत तिला विचारल्याशिवाय निर्णय घेऊ नये. आणि तिला शिकायचे असेल, लग्न करायचे असेल किंवा करायचे नसेल, तर ते तिच्या तोंडून ऐकून घ्यावे. जी मुलगी सासरहून जाच सोसून परत आली आहे तिच्यासाठी बापाचे दार रात्री कितीही वाजता उघडे असावे.

आणि त्या मुलींनाही आमचे सांगणे आहे. घर सांभाळा, त्यात कमीपणा काहीच नाही. पण स्वतःची वही मिटू नका. इचियोने कर्जाच्या खातेवहीशेजारी आपली रोजनिशी उघडी ठेवली. तिला औषधपाणी वेळेवर मिळाले असते, आईने शाळा तोडली नसती, भावाने भार वाटून घेतला असता, तर ती कदाचित आणखी चाळीस वर्षे लिहीत राहिली असती. आपल्या घरातील मुलीला तरी तेवढा काळ मिळावा, ही जबाबदारी आपल्या सर्वांची आहे.

जयभीम.